मोहाखालची झाडलेली जागा

संरक्षण कारखान्याच्या आरेखन विभागात चौतीस वर्षे रेषा ओढून गुणवंतराव निवृत्त झाले. हाताला मात्र निवृत्ती मानवली नाही. आता ते जबलपुरातल्या एका पदभ्रमण मंडळासाठी रानवाटांचे नकाशे काढतात. वाट कुरणातून न नेता खडकावरून न्यावी, पाणवठ्यापासून दूर उतरावे, रानाला आपला उपसर्ग होऊ नये, हे त्यांचे व्रत.

गतवर्षी चैत्रात, तिलवारा घाटापलीकडच्या रानात, त्यांनी एका जुन्या मोहाखाली चौदा जणांचा मुक्काम नेमला होता. तळाशी गवताची काडी नाही, पाचोळा नाही. पायाखाली चिरडावे असे काहीच नाही. पहाटे अंगावर फुले टपटपली, तेव्हा मंडळींनी त्याला पुष्पवृष्टी म्हटले. त्या निवडीचा गुणवंतरावांना मनातून अभिमान होता.

यंदाची पदयात्रा आठ दिवसांवर आली, तशी वाट पारखायला ते नात सुखदासह सकाळीच तिथे पोहोचले. मोहाखाली फुलियाबाई नावाची गोंड स्त्री फुले वेचत होती.

“बाई, अगले हफ्ते हम लोग यहीं रुकेंगे,” गुणवंतराव प्रसन्नपणे म्हणाले. “जगह बड़ी साफ है.”

“साफ तो हम करत हैं, दादा. महुआ बीनबे के लाने,” ती वाकूनच बोलली. “पर साल आप लोग इतै पसर गए हते, सो दो दिन को महुआ पाँव तरे गओ.”

“तब कहा क्यों नहीं?”

“पाहुने से का कहते?”

गळालेली फुले वेचता यावीत म्हणून ती ही जागा झाडत होती, आणि गतवर्षी तिची दोन दिवसांची फुले त्यांच्या मंडळींच्या पायांखाली गेली होती.

“आबा, तुम्ही काहून विचारलं नाही कोणाला?” सुखदा म्हणाली. “रानात जागा काय आपोआप झाडली जाते?”

“नकाशात झाडू दिसत नाही, बेटा.”

“बाईही दिसत नाही.”

ज्या स्वच्छतेला ते निसर्गाचे दान समजले, ती या बाईच्या श्रमांतून आली होती. तिचे वेचणे मोडले आणि तरीही तिने अतिथिधर्म मोडला नाही. यंदाही चौदा जण इथेच उतरले, तर ती पुन्हा गप्पच राहील, या विचाराने ते कासावीस झाले.

“अब आप ही बताओ, कहाँ से जाएँ,” त्यांनी विनवले.

टोपली झाडाशी ठेवून फुलियाबाई पुढे निघाली. कोरड्या नाल्याच्या दगडांवरून तिने त्यांना एका विस्तीर्ण कातळापाशी नेले. “इतै सोओ. इतै काऊ को कछु नईं बिगरत.” तिच्या पावलांमागून गुणवंतरावांची पेन्सिल कागदावर चालत होती, रानवाटेच्या नकाशावर प्रथमच ती दुसऱ्याच्या सांगण्याने वळणे घेत होती, आणि त्यांना त्यात धन्यता वाटत होती.

आठ दिवसांनी चौदा जण त्या नाल्यातून गेले. वर मोहाखाली बायका वाकून फुले वेचत होत्या, आपसांत बोलत होत्या. एकीनेही मान वर केली नाही. गुणवंतराव क्षणभर थांबले, त्यांच्या दिशेने हात जोडले, आणि मंडळींच्या मागून चालू लागले.