मेजरांचा हात

“हात दे.”

व्हॅनचं दार उघडलं की मेजरांचा पहिला शब्द हाच. आतला आरोपी खुनाचा असो की मोटारसायकल चोरीचा, तो पुढे झाला की मेजर डावा पंजा पुढे करायचे, त्याच्या बोटांत आपली बोटं अडकवायचे आणि मूठ आवळायचे. मग दोघं मिळून कोर्टाच्या पायऱ्या चढायचे. लांबून बघणाऱ्याला वाटावं, बाप लेकाला शाळेत पोचवायला निघालाय. तुम्ही कधी तारखेला सोलापूरच्या कोर्टात गेला असाल तर ही जोडी तुमच्याही नजरेस पडली असेल, आणि तुम्ही हसलाही असाल.

पोलिसांत हवालदाराला मेजर म्हणायची पद्धत आहे. मी नवीन शिपाई म्हणून कैदी पार्टीत आले तेव्हापासून ते माझे मेजर. कैदी पार्टी म्हणजे तुरुंगातल्या कच्च्या कैद्यांना कोर्टात नेणारी आणि संध्याकाळी परत पोचवणारी आमची तुकडी. बाई आरोपी असली की माझी ड्युटी लागायची. मेजर कर्नाटकच्या सीमेकडच्या मंद्रूपचे. घरात कन्नड, बाहेर मराठी, आणि राग आला की दोन्ही एकदम.

ते स्वभावानं गरीब होते असं मात्र समजू नका.

एकदा कोर्टामागच्या झाडाखाली भाकरी आणि शेंगाची चटणी खाताना त्यांनी मला टेंभुर्णीची गोष्ट सांगितली. तेव्हा आरोपीच्या हातात बेडी आणि कमरेला दोर असायचा. दरोड्याच्या गुन्ह्यातल्या एकाला ते एसटीनं सोलापूरला आणत होते. टेंभुर्णीच्या स्टँडवर तो लघवीला म्हणून उतरला, दोराला हिसडा दिला आणि रस्ता ओलांडून उसात शिरला. मेजरांनी त्याला उसात गाठला.

“त्याच्याच बेडीनं मारलं,” मेजर घास चावत म्हणाले. “तोंडावर मारलं. थांबायचं कळलंच न्हाय मला. शेवटाला त्यो हसायला लागला. तोंडात रगात, दात पडल्यालं, आन् हसायलाय. तवा भ्यालो मी.”

“मग?”

“मग काय? खांद्यावर टाकून आणला. फुडं निर्दोष सुटला की त्यो. एकदा माढ्याच्या बाजारात गाठ पडली. एका कानानं ऐकू येत न्हाय म्हणला. मला नमस्कार घातला त्यानं.”

त्यांनी उरलेली भाकरी कुत्र्याला टाकली आणि हात धुवायला उठले. 

पुढे कोर्टाच्या परवानगीशिवाय बेडी घालायची नाही, या नियमाची सक्ती झाली. आमच्यातले पुष्कळ जण कुरकुरले. मोकळ्या हातापायाच्या माणसाला गर्दीतून न्यायचं कसं? तो पळाला की निलंबन आपलं. मेजर एवढंच म्हणाले, “बेडी गेली तर जाऊ दे. हात हाय की.” तेव्हापासून ही बोटात बोट अडकवायची सवय.

त्या पकडीतून कुणी सुटल्याचं मी पाहिलं नाही. एका घरफोड्यानं जिन्यात त्यांच्या मनगटाला कडकडून चावा घेतला. दात मांसात रुतले, रक्त शर्टाच्या बाहीतून कोपरापर्यंत आलं. मेजरांनी उजव्या हातानं त्याचं डोकं भिंतीवर आपटलं, पण डावा हात सोडला नाही. तसेच न्यायाधीशांसमोर उभे राहिले. न्यायाधीशांनी विचारलं, “काय झालं?” मेजर म्हणाले, “काय न्हाय सायेब, भूक लागलीया त्याला.” कोर्ट हसलं. तो घरफोड्याही हसला, आणि मग त्याच्या कपाळावर टेंगूळ केवढं आलंय ते सगळ्यांना दिसलं.

पण याच माणसाला मी जिन्याच्या कोपऱ्यात थांबतानाही पाहिलंय. एखाद्या आरोपीची आई किंवा बायको डबा घेऊन उभी असली की मेजर भिंतीकडे तोंड करायचे. “दोन मिनिटं. मी बघंना.” हात तेवढा धरलेला असायचा. आरोपी दुसऱ्या हातानं जेवायचा.

मग पडदा आला. तुरुंगात एका खोलीत कॅमेरा, कोर्टात भिंतीवर टीव्ही. पुढची तारीख घ्यायला आरोपीला आणायची गरज उरली नाही. तुरुंगही बदलत होता. घरच्यांशी फोनवर बोलता यायचं, पुढे व्हिडिओवर तोंडही दिसायला लागलं. बराकीबाहेर कॅमेरे लागले, समुपदेशन करणाऱ्या बाई येऊ लागल्या. तिथला एक जुना शिपाई आम्हाला म्हणायचा, आता काठी उचलायच्या आधी वर बघावं लागतं. आमच्या व्हॅनच्या फेऱ्या निम्म्यावर आल्या. सगळे खूश होते. मेजर टीव्हीकडे बघून म्हणायचे, “हेचा हात कसा धरायचा?”

श्रीनिवास याच काळातला. सोलापूरच्या पूर्व भागातल्या तेलुगू वस्तीतला, यंत्रमागावर काम करणारा, विशीतला मुलगा. गल्लीतल्या भांडणात एक जण भोसकला गेला आणि मेला, त्यात हा आरोपी. त्याच्या म्हणण्याप्रमाणे त्यानं फक्त काठी चालवली होती. मेलेल्याचे दोन भाऊ बाहेर होते आणि आम्ही त्याला बघून घेऊ, असं उघड बोलत होते. म्हणून त्याच्या तारखा पडद्यावरच व्हायच्या. पण त्यानं अर्ज केला की मला एकदा प्रत्यक्ष हजर करा, आईला बघायचंय. आई विड्या वळणारी. तिच्याकडे व्हिडिओचा फोन नव्हता. अर्ज मंजूर झाला.

त्या दिवशी माझ्याकडे एक बाई आरोपी होती. मेजर श्रीनिवासला घेऊन पुढे, मी मागे, आमच्याही मागे बंदूकवाला शिपाई. गेटजवळ नेहमीची गर्दी. श्रीनिवासची आई पायरीवर डबा घेऊन उभी होती. तिनं हात वर केला. श्रीनिवासनंही मोकळा हात वर केला, आणि त्याच क्षणी पहिला वार त्याच्या खांद्यावर बसला.

मेलेल्याचे ते दोघे भाऊच होते. शर्टाखालून कोयते काढले होते. लोक ओरडत पांगले. माझ्यासमोरचा एक वकील पडला, त्याच्यावर दुसरा पडला. बंदूकवाल्यानं बंदूक उचलली, पण समोर सगळी माणसंच माणसं. मी माझ्या बाईला खाली ढकललं आणि तिच्या अंगावर आडवी झाले. तिथून मला पायांच्या मधून दिसत होतं.

श्रीनिवास हिसडे देत होता. “सोडा अण्णा! हात सोडा! अण्णा, सोडा!”

मेजरांनी सोडला नाही. त्यांनी त्याला आपल्याकडे ओढलं. दुसरा वार मेजरांच्या डाव्या हातावर पडला, कोपराखाली, हाड दिसेपर्यंत. तरी बोटं सुटली नाहीत. मेजर उजव्या हातानं काठी फिरवत होते, आणि ती एकाच्या तोंडावर बसलीसुद्धा, नाकातून रक्त उडालं. तेवढ्यात दुसऱ्यानं श्रीनिवासच्या मानेवर वार केला. मग आणखी एक. दोघं एकत्रच खाली पडले. हात सुटला असता तर समोरच वकिलांच्या खोलीचं उघडं दार होतं. हे मला दिसलं, म्हणजे तिथल्या सगळ्यांनाच दिसलं असणार.

लोकांनी दगड उचलले तेव्हा ते दोघे कोयते टाकून पळाले. एकाला गेटवरच पकडलं, दुसऱ्याला त्याच दिवशी गावाबाहेर. इस्पितळात नेईपर्यंत श्रीनिवासचा जीव गेला होता. डॉक्टरांनी मेजरांची बोटं एकेक करून उघडली.

दोन दिवसांनी श्रीनिवासची आई वॉर्डात आली. मी मेजरांच्या खाटेजवळ बसले होते. ती सरळ आली आणि तिनं मेजरांच्या थोबाडीत मारली. मग दुसऱ्या गालावर. मग दोन्ही हातांनी डोक्यावर, छातीवर, बांधलेल्या हातावर. पट्टी लाल झाली. मी तिला मागून धरलं तर मेजर ओरडले, “सोड तिला!”

“तुझ्या हातात होता माझा पोरगा!” ती ओरडत होती. “त्यानं सोडा म्हणालं, मी ऐकलं की! तू सोडलं असतं तर पळालं असतं! ना कोडुका! ना कोडुका!” माझ्या लेकरा, माझ्या लेकरा. एवढं तेलुगू सोलापुरात सगळ्यांनाच कळतं.

मारून मारून ती दमली आणि फरशीवर बसली. मेजर तिच्याकडे बघत होते. 

पेपरात त्यांचा फोटो आला. जिवाची पर्वा न करता आरोपीला वाचवायला झटलेला हवालदार, असं छापलं होतं. सत्काराचा दिवस ठरला. हात दुखतोय म्हणून मेजर गेले नाहीत. हात खरंच दुखत होता, कारण शीर तुटून डाव्या हाताची दोन बोटं कायमची ताठ राहिली होती.

त्यानंतर त्यांना हलकं काम मिळालं, कोर्टातल्या त्या टीव्हीजवळ. तुरुंगातला माणूस पडद्यावर आला की नाव पुकारायचं. मागच्या बाकावर कुणाची आई, कुणाची बहीण मान उंच करकरून बघत असायची. मेजर हळूच टीव्ही त्यांच्या बाजूला वळवायचे. न्यायाधीश चष्म्यावरून बघायचे. मेजर म्हणायचे, “सायेब, वायर ताणायलीय म्हणून जरा फिरवला.” न्यायाधीश पुढचा कागद उलटायचे.

त्या दोन भावांचा खटला उभा राहिला. मेजर मुख्य साक्षीदार, मीही साक्षीला होते. सरकारी वकिलांनी आदल्या दिवशी त्यांना समजावलं होतं, “तुम्ही बचावासाठी त्याला जवळ ओढलं, एवढंच सांगा. खरंच आहे ते.” मेजरांनी मान डोलावली होती.

उलटतपासणीला आरोपींचे वकील उठले. भाऊ पडद्यावर होते, शेजारी शेजारी बसलेले.

“हवालदार, मयत इसम तुम्हाला हात सोडा म्हणत होता?”

“व्हय.”

“तुम्ही सोडला असता तर तो पळून वाचला असता, हे खरं आहे?”

सरकारी वकील उठू लागले. मेजरांनी त्यांच्याकडे पाहिलं नाही. त्यांनी मागच्या बाकाकडे पाहिलं. तिथं श्रीनिवासची आई बसली होती.

“व्हय. खरं हाय.”

कोर्टात कुजबुज झाली. वकिलांनाही हे अपेक्षित नसावं. त्यांनी आवाज चढवला. “मग का नाही सोडलात?”

“पळाला तर, म्हणून.”

“म्हणजे त्याच्यावर वार होताना तुम्हाला त्याच्या पळण्याची काळजी होती?”

“व्हय. डोस्क्यात तेवढंच आलं. पळाला तर, पळाला तर.” मेजरांचा आवाज फाटला. “माझ्यामुळं पळता आलं न्हाय त्याला. पर मारलं ह्यांनी. ह्या डावीकडच्यानं मान तोडली. मी हातभर लांब होतो सायेब. त्याचं रगात माझ्या तोंडात गेलंय. मी कसा इसरन?”

पडद्यावरच्या डावीकडच्या भावानं मान खाली घातली. वकील आणखी काही न विचारता बसले.

बाहेर व्हरांड्यात श्रीनिवासची आई मेजरांच्या समोर येऊन उभी राहिली. मी जवळ सरकले. मेजरांनी टोपी काढून काखेत धरली आणि मान खाली केली. मारून घ्यायलाच उभे राहिले म्हणा. तिनं ती ताठ बोटं पाहिली.  मग पदर खांद्यावर ओढून ती जिना उतरून गेली.

दोघा भावांना जन्मठेप झाली. मेजरांच्या साक्षीवर शंका घ्यायला जागा नाही, असं निकालात आलं. स्वतःविरुद्ध बोलणारा माणूस दुसऱ्याविरुद्ध खोटं कशाला बोलेल, असा त्याचा अर्थ होता.

मेजरांनी मुदतीआधीच निवृत्ती घेतली. एका बाजाराच्या दिवशी मी मंद्रूपला त्यांना भेटायला गेले. अंगणात बसून ते शेंगा फोडत होते, ती ताठ बोटं बाजूला ठेवून. बायकोनं चहा आणला. त्यांनी कोर्टातल्या एकेकाची चौकशी केली. टीव्ही आता मोठा आणलाय म्हटल्यावर हसले. निघताना म्हणाले, “पोरी, अजून कानात त्योच हाय बग. सोडा अण्णा म्हणतोय.”  

पुढच्या उन्हाळ्यात त्यांचं हृदय बंद पडलं. आमच्या पार्टीतले आम्ही तिघं गेलो. मेजर लिंगायत. त्यांच्यात मयताला बसवून पुरतात, हे मला माहीत होतं, पाहिलं नव्हतं. मेजरांना मांडी घालून बसवलं होतं, कपाळभर विभूती, गळ्यात बेलाचा हार. स्वामींनी मंत्र म्हटले. दोन माणसं खड्ड्यात उतरली आणि वरच्यांनी मेजरांना सावकाश खाली दिलं.

तेवढ्यात बायकांच्या घोळक्यामागून कुणीतरी वाट काढत पुढे आलं. श्रीनिवासची आई होती. तिला कुणी कळवलं, कोण जाणे. ती खड्ड्याच्या काठावर येऊन उभी राहिली आणि खाली वाकून बघू लागली. मेजरांच्या घरच्यांनी एकमेकांकडे पाहिलं. त्यांच्या बायकोनं तिला ओळखलं असावं, कारण तिनं हातानंच सगळ्यांना गप्प केलं.

खाली माती लोटायला सुरुवात झाली. तशी ती मोठ्यानं म्हणाली, “अय्यो, थांबा की! मान पडायलंय त्याचं. आधी मान धरा.”

खरंच मेजरांची मान एका बाजूला कलली होती. खालच्या माणसानं हनुवटी वर उचलली. दुसऱ्यानं मानेमागे विभूतीच्या पुड्या आणि बेलाची पानं दाबून भरली.

“आणखी जरा सरळ,” ती म्हणाली. “हां. असं.”

मग माती पडू लागली. गुडघ्यापर्यंत आली, छातीपर्यंत आली. ती हलली नाही. खांदे झाकले गेल्यावर तिनं पदरानं तोंड पुसलं, वळून माझ्याकडे पाहिलं आणि विचारलं, “सोलापूरला गाडी आता कधी हाय गं?”