काकांचं हायकोर्ट

नवी मुंबईतल्या पावणे गावामागच्या डोंगरात माझ्या काकांची दगडखाण होती. मी तेव्हा बेलापूरला नवी नवी वकिली करत होते. घरात वकील म्हणजे मीच, त्यामुळे खाण निरीक्षकांचा आदेश काकांनी आणून थेट माझ्या पुढ्यात ठेवला.

आदेश सरळ होता. उत्तरेच्या कड्याला वर भेग गेली आहे, सैल दगड काढून कडा उतरता होईल अशा पायऱ्या पाडेपर्यंत त्याच्या खाली एकही माणूस कामाला लावायचा नाही, आणि तोवर पश्चिमेची बाजूही बंद ठेवायची. काकांना दगडापेक्षा दुसऱ्याच गोष्टीचा राग होता. निरीक्षक वयानं त्यांच्या मुलाएवढा होता आणि चहा न घेता निघून गेला होता.

मी कायदा उघडून दाखवला. अशा आदेशावर मुख्य निरीक्षकांकडे अपील करायची सोय त्याच कायद्यात आहे, आधी तिथेच जायला हवं.

"ज्यानं मारला, त्याच्याच थोरल्या भावाकरं जाऊन रडू काय?" काका म्हणाले. "मी हायकोर्टानच जानार."

आणि ते गेलेच. माझ्यावर विश्वास होता, पण हायकोर्टापुरता नव्हता, म्हणून एक मोठे वकील ठरवले. मी फाइल धरायला. तारखेच्या दिवशी काका नवा पांढरा सफारी घालून आले, सोबत दोन मेहुणे आणि गावचे माजी सरपंच. मेहुण्यांना वाटलं होतं, दिवसभर चालेल. काकीनं डबे दिले होते.

न्यायमूर्तींनी पहिलाच प्रश्न विचारला, अपील केलं का? आमचे वकील म्हणाले, अशिलाचं म्हणणंच ऐकून घेतलेलं नाही. न्यायमूर्ती म्हणाले की हेसुद्धा अपिलात सांगता येईल, कड्याची भेग कागदावरून आम्हाला कशी कळणार. इथे गेलेला वेळ अपिलाच्या मुदतीत धरू नये एवढं लिहून त्यांनी याचिका निकाली काढली. डबे तसेच बंद होते.

बाहेर आल्यावर काकांना कसं सांगावं, याची जुळवाजुळव मी करत होते. तोवर त्यांनी गावात फोन लावला होता. हायकोर्टानं आपल्याला अपील करायची ऑर्डर दिली, असं ते सांगत होते. मी दुरुस्ती केली नाही.

अपिलाच्या सुनावणीला मुख्य निरीक्षक म्हणून एक वयस्क अधिकारी होते. त्यांनी मला बोलूच दिलं नाही, काकांनाच विचारत गेले. काकांनी कागद मागून घेतला, त्यावर डोंगर काढला, दगडाचा थर कुठे कसा वळतो ते दाखवलं. तासभर त्यांचं कुणी इतकं ऐकलेलं मी घरातही पाहिलं नव्हतं. शेवटी अधिकाऱ्यांनी सहज विचारलं, "तुम्ही स्वतः त्या कड्याखाली उभे राहता?"

काकांनी पेन खाली ठेवलं. मी मनात उत्तरं तयार करत होते.

"नाय," ते म्हणाले. "दोन पावसालं झालं, नाय जात मी तिकरं."

आमचं अपील तिथेच संपलं, असं मला वाटलं. पण निकालात पश्चिमेकडची बाजू मोकळी करून मिळाली, ती काकांच्या नकाशामुळेच. उत्तरेकडची बंदी मात्र कायम राहिली.

सैल दगड काढायच्या दिवशी मीही गेले. वरून पोकलेननं जेमतेम टोकरलं आणि कड्याचा मोठा पापुद्राच सुटून खाली आला. धूळ खाली बसायला बराच वेळ लागला. जिथे तो पडला, तिथे पूर्वी आठ माणसं दगड फोडायची. ती आठही जणं आमच्या शेजारी उभी होती. काका खाली बसले. मी पाणी दिलं, ते त्यांनी हातात धरून ठेवलं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी माझ्याकडे त्या तरुण निरीक्षकांचा नंबर मागितला. पायऱ्या किती उंचीच्या पाडायच्या, ते त्यांना विचारायचं होतं.