सुगीनंतरच्या तारखा

तोकुजी कोमियामा यांच्याबद्दल मला फार माहिती आहे असं नाही. त्यांची तुतीची बाग आमच्या बांधाला लागून होती. बत्तीस वर्षं आम्ही एकमेकांना वाकून नमस्कार करत आलो, पण त्यांच्या ओसरीवर मी असा बसलो दोनदाच. ते कशाला हसायचे, एकटे कसे राहायचे, मला सांगता येणार नाही. एक गोष्ट तेवढी ठाऊक आहे. आता माझी आईही नाही, म्हणून लिहितो.

दुसऱ्या महायुद्धात आमच्या भागातल्या मुलांची डिव्हिजन ब्रह्मदेशात गेली. गावातले चौदा जण एकाच कंपनीत होते. माझा थोरला भाऊ शोसाकु त्यांतलाच. अक्षर चांगलं म्हणून तोकुजीकाकांना कंपनीचं कारकुनी काम दिलेलं. चौदांतले तेवढे एकटे परतले. बाकी तेरांच्या घरी पांढऱ्या कापडात बांधलेली, अस्थींची म्हणून लाकडी पेटी आली. आमच्या पेटीत नुसता एक कागद होता. शोसाकु लढाईत कामी आला, सत्तावीस नोव्हेंबर.

दर वर्षी त्या दिवशी आई त्याच्या फोटोपुढे उकडलेल्या अळकुड्या ठेवायची. त्याला त्या फार आवडत.

युद्धानंतर बत्तीस वर्षांनी डिव्हिजनच्या जुन्या शिपायांच्या मंडळाने इतिहासाचं पुस्तक काढायला घेतलं. प्रत्येक घरी फॉर्म आला, मृत्यूची तारीख तपासून सही करा म्हणून. मंदिराचा कारभार तेव्हा माझ्याकडे होता, त्यामुळे तेराही फॉर्म माझ्याकडे जमले. आमचे म्हातारे भिक्षू माझ्या खांद्यावरून वाचत म्हणाले, "आपली पोरं भलतीच समजूतदार हो! लावणीच्या दिवसांत एकही मेला नाही."

मी पुन्हा पाहिलं. सगळ्या तारखा नोव्हेंबरच्या मध्यापासून डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यापर्यंतच्या. म्हणजे भात झोडून झालेलं आणि बर्फ पडायचं बाकी. पुस्तकाचा कच्चा मजकूर फॉर्मबरोबर आला होता. त्यात होतं की ही कंपनी माघार घेताना जुलै-ऑगस्टच्या पावसात संपली.

मी उठून तोकुजीकाकांकडे गेलो. ते ओसरीवर तुतीची पानं निवडत होते.

"काका, शोसाकु नोव्हेंबरात गेला?"

"कागदावर तसंच आहे ना?"

"कागद तुम्हीच लिहिलात."

त्यांचे हात थांबले. "मला नाही ठाऊक रे, ताइझो. याद्या नदीत वाहून गेल्या. कोण कुठे बसला आणि उठलाच नाही, बघायला कोण होतं? शरणागतीनंतर छावणीत वरचा साहेब म्हणाला, तारखा घाल, तारखेशिवाय घरी कळवता येत नाही. मग मी आपल्या गावातलं एकेक घर आठवत बसलो."

"आणि नोव्हेंबर काढलात!"

"जुलैत तुझी आई कमरेत वाकून खाचरातलं तण काढत असते. रेशमाचे किडे पाल्यासाठी जीव खातात ते वेगळंच. दिवा लावायला तिला सवड कुठली? नोव्हेंबरात हात रिकामे, रस्ते उघडे. तिच्या माहेरचीही माणसं येतील."

"हे ठरवणारे तुम्ही कोण? इतकी वर्षं ती भलत्याच दिवशी बसतेय!"

"खरा दिवस ठाऊक असता तर तोच लिहिला असता."

"निदान गोळी तरी लागली ना त्याला?"

त्यांनी नकारार्थी मान हलवली. "भूक," एवढंच म्हणाले.

आईला सगळं सांगायचं असं ठरवूनच मी घरी आलो. ती तेव्हा एक्याऐंशीची होती. चुलीपाशी बसून म्हणाली, "यंदा अळकुड्या बारीक आल्यात. सत्तावीस तारखेला मोठ्या मोठ्या बाजूला काढ हं. वाटी भरून ठेवायची. भूक म्हणून सहन व्हायची नाही त्याला."

तारीख खोटी आहे, इतकं मी सांगू शकत होतो. खरी कुठली, हे सांगणारं जगात कुणी उरलं नव्हतं. मी फॉर्मवर सही केली. बाकीच्या बारा घरांनाही काही बोललो नाही. बरोबर केलं की चूक, अजून कळत नाही.

त्यानंतर दोन महिने मी काकांना टाळलं. सत्तावीस नोव्हेंबरच्या आदल्या दिवशी मात्र गेलो. तेरांपैकी एकाही घरी ते अशा दिवशी कधी आले नव्हते, हे तोवर माझ्या ध्यानातच आलं नव्हतं. पुढच्या जानेवारीत न्यूमोनियाने ते गेले, म्हणून आमचं शेवटचं बोलणं हेच.

"उद्या जेवायला या, काका. आई बोलावतेय."

"तुझ्या आईसमोर बसून मला घास नाही उतरायचा."

मी म्हणालो, "आमचे मुळे यंदा बरे आलेत. खारवायला पाठवू थोडे?"

"दोनच पाठव. एकट्याला किती लागतात!"

"मोठे बघून पाठवतो."

"मोठे नकोत. माझं खारवायचं पिंप लहान आहे."