देवांमागचा पासपोर्ट

मला स्वतःच्या खिशातली किल्ली सापडत नाही. तरी आयुष्यात एकदा चोरी केली, तीही गणपतीसमोर.

दोन हजार आठ-नऊचा सुमार. लंडनच्या क्रॉयडनमधल्या आमच्या ओळखीच्या मराठी घरात एक फिलिपिनो मुलगी कामाला होती. विशीतली. दिवसभर राबायची, पगार 'नंतर', सुट्टी रविवारी तीन तास. एका रविवारी मी तिला लायब्ररीतल्या फिल्म क्लबला नेलं. तिच्या देशाचा सिनेमा, तिला बरं वाटेल, ही माझी अक्कल! पडद्यावर तिच्याच वयाची मुलगी. नोकरीच्या नावाखाली विकलेली, मार खाणारी, शेवटी निसटणारी. मी मुसमुसून रडलो. ही कोरडी.

ट्रामच्या स्टॉपवर म्हणाली, "सर, तिच्याकडे तिचा पासपोर्ट होता. माझा मॅडमच्या देवांमागे आहे. आणून द्याल? तो मिळाला की मी जाईन."

"त्यात काय!" मी म्हणालो.

गणपतीला जेवायचं बोलावणं होतंच. आरती संपता संपता सगळे डोळे मिटून स्वतःभोवती फिरू लागले, तेव्हा मी देवघरात हात घातला. मरून रंगाचं पुस्तक, वर कुंकवाचं बोट. टाकलं खिशात.

"भाऊजी, आज आवाज नाही लागला तुमचा!" वहिनी, म्हणजे तिच्या मॅडम, म्हणाल्या. मी पाच मोदक खाल्ले.

स्टेशनवर उघडून पाहिलं, तर आत वहिनींचा फोटो. फिलिपिनो पासपोर्ट मरून, ब्रिटिशही मरूनच. आणि आपल्या माणसांनी कुंकू लावताना तेवढा भेदभाव केला नव्हता.

दुसऱ्या दिवशी विसर्जनाच्या निमित्ताने अदलाबदल करायला गेलो. देवांमागे काहीच नव्हतं. मुलगी दारात पिशवी घेऊन उभी.

"चोरी हो, भाऊजी! माझा पासपोर्ट! हिच्याशिवाय कोण? हिला बर्मिंगहॅमला नणंदेकडे पाठवतेय, हिचा पासपोर्टही तिकडेच. तिथे सुट्टीबिट्टी नाही."

वहिनींचा पासपोर्ट माझ्या कोटात होता. मुलीने माझ्याकडे पाहिलं. तिला सगळं कळलं होतं. तरी ती माझ्याबद्दल एक अक्षर बोलली नाही. मी तोंड उघडलं.

"अरेरे," मी म्हणालो.

पुढे तो पासपोर्ट मी निनावी पाकिटातून त्यांच्या दारात टाकला. तिला परत कुणी बोलावलं नाही. दोनदा बर्मिंगहॅमला गेलो, नणंदेच्या गल्लीच्या तोंडाशी उभा राहून परत आलो.

हा किस्सा मी अजून सांगतो, पण मोदकांपर्यंतच. लोक खूप हसतात.