नीनाबाईंची कात्री

नीनाबाई गेल्याचं त्यांच्या लेकीने, लेनाने, फोनवर सांगितलं आणि पाठोपाठ विचारलं, फ्युनरलवाल्यांचा फॉर्म भरायला जरा येशील का. इथे परदेशात, डँडेनॉन्गमध्ये, आमच्या दोन घरांची भिंत नऊ वर्षं एकच होती, तेव्हा गेलेच. लेनाच्या फॉर्मवर खाडाखोड झालेली, माझं अक्षर बरं म्हणून कोऱ्या फॉर्मवर मी उतरवायचं होतं. व्यवसायाच्या रकान्यात तिने 'क्लीनर' लिहिलं होतं. माझं डोकंच फिरलं.

कारण ही बाई सोव्हिएत काळात आपल्या देशातल्या एका स्टुडिओत फिल्म एडिटर होती. एका युद्धपटात विजयाच्या मिरवणुकीत एक म्हातारी रडताना दिसत होती. वरून हुकूम आला की तेवढा तुकडा काढा, विजयाच्या दिवशी आपल्याकडे कुणी रडत नाही. नीनाबाईंची आई खऱ्या विजयाच्या दिवशी रडली होती... त्यांनी कात्री टेबलावर ठेवली, मूठ स्टुडिओच्या साहेबांकडे करून, आणि म्हणाल्या, "तुम्हीच कापा." साहेबांना कुठलं यायला! शेवटी दुसऱ्या कुणीतरी तो कापला आणि नीनाबाईंची रवानगी गोदामात, फिल्मचे डबे पुसायला झाली. पश्चात्ताप होतो का, असं मी एकदा विचारलं, तर म्हणाल्या, कात्री घेऊन आले ना.

इथे त्यांनी वीस वर्षं ऑफिसं साफ केली. पण कुणी काम विचारलं की उत्तर ठरलेलं: "मी फिल्म एडिटर आहे. सध्या ऑफिसं पुसते." मी पुण्याची केमिस्ट. इथे येऊन बिस्किटांच्या फॅक्टरीत पॅकिंगला लागले होते आणि मराठी मंडळाच्या कार्यक्रमात ओळखीच्यांची नजर चुकवत हिंडायची. बाईंनी एका दुपारी समोर बसवून ते वाक्य माझ्याकडून दहा वेळा म्हणून घेतलं, एडिटरच्या जागी केमिस्ट घालून. हसू दिलं नाही. पुढच्या इंटरव्ह्यूत मी तेच म्हणाले. आज त्याच फॅक्टरीच्या लॅबमध्ये आहे.

तर त्या रकान्यापाशी माझा हात थांबला. लेना म्हणाली, "मॉमने क्लीनिंग केलंच ना? त्यात लाज कसली?"

लाज नव्हतीच. बाईंनाही नव्हती. मी पेन टेबलावर ठेवलं, तिच्याकडे सरकवलं. "हा तुकडा तूच काप. माझ्याच्याने होणार नाही."

लेनाने पेन उचललं. मग स्वतःच्या हाताने 'फिल्म एडिटर' लिहिलं, आणि रडली.

कात्री तिने मला दिली. लॅबमधल्या माझ्या टेबलावर असते, मूठ समोरच्या खुर्चीकडे करून. रिपोर्टातली एखादी ओळ गाळायला सांगायला साहेब येतात, ते त्याच खुर्चीत बसतात.