मुदत वाचणारा

धाकट्या भावाचा मला हेवा वाटतो, हे मी साठी ओलांडल्यावर कबूल केलं. तोवर त्या हेव्याला मी दुसरीच नावं देत होतो. कधी म्हणायचो काळजी, कधी म्हणायचो शिस्त. बायको मात्र पहिल्यापासून सरळ बोलायची, "अहो, पोटात दुखतंय तुमच्या. ओवा खा."

दुखण्याचं मूळ म्हणजे आमच्या बाबांची बंदूक. पोलादपूरच्या वरच्या अंगाला आमची वाडी. तिथली ही एकुलती एक ठासणीची बंदूक, पीक राखायच्या परवान्यावरची. बाबा गेल्यावर परवाना धाकट्याच्या नावावर झाला. ते रीतसरच होतं. शेत तो कसतो. मी महाडला एका हायस्कुलात क्लार्क म्हणून जन्म काढला, आणि ना हरकतीवर सही माझीच आहे. सही एका झटक्यात केली, पण घरी आल्यावर दोन दिवस जेवण गेलं नाही. त्या बंदुकीने मी आयुष्यात एक बारसुद्धा काढलेला नाही, तरीही.

एक मान तेवढा माझ्याकडे राहिला होता. बाबांना अक्षरओळख नव्हती. त्यामुळे दसऱ्याला बंदूक पुसून, तेल देऊन, झेंडूची माळ घालून पाटावर ठेवली की तिच्याखाली ठेवलेला परवाना मी मोठ्याने वाचायचा, अशी आमच्या घरची रीत. नाव, गाव, बंदुकीचा नंबर आणि शेवटी मुदत. मुदत वाचली की मी बोटांवर मोजून सांगायचो, नव्या अर्जाला अमुक दिवस राहिले. मग सोनं वाटायचं. ऐकायला अख्खी वाडी अंगणात यायची, कारण डुकरांपासून सगळ्यांची शेतं त्या एका बंदुकीच्या आधारावर. बाबांच्या माघारीही ही रीत चालू होती.

आता शिकार म्हणजे पूर्वीची राहिली नाही. रानडुक्कर मारायचं तर आधी वनखात्याकडे अर्ज. परवानगी मिळते ती थोड्या दिवसांची, संपली की पुन्हा अर्ज. डुकराने पीक नासवलं तर भरपाईचा अर्ज वेगळा, त्याची मुदत तर हातावर मोजण्याइतकी. निवडणूक लागली की बंदूक पोलीस ठाण्यात जमा करायची, मागाहून सोडवून आणायची. आणि डुक्कर पडलंच तर वाटे नाहीत की रस्सा नाही. वनखात्याचा माणूस येतो, पंचनामा करतो, डुक्कर खड्ड्यात पुरतात. तरी बार काढायच्या आधी देवळात गाऱ्हाणं घालतात तेव्हा नारळ बंदूकवाल्याच्याच हातात देतात. तो नारळही माझ्या डोळ्यांत खुपायचा. आता लपवून काय करू?

या सगळ्या तारखा माझ्या महाडच्या घरातल्या भिंतीवरच्या कॅलेंडरवर असत, लाल पेनाने गोल केलेल्या. वाडीतली माणसं बाजाराला आली की पिशवीतून कागद काढत आमच्याकडे येत. चहा होई. मी चष्मा चढवून, जरा ताणून, तारीख सांगत असे. ताणण्यात गंमत होती. निवृत्त माणसाला आणखी काय लागतं?

मग गणपतीला बिरवाडीच्या कंपनीत कामाला असलेला वाडीतला शेजारी सुट्टीवर आला आणि त्याने धाकट्याच्या मोबाईलमध्ये एक ॲप घालून दिलं. तारीख टाकायची, आधी किती दिवस वाजायला हवं ते टाकायचं, बस. धाकट्याने सगळ्या वाडीच्या तारखा त्यात भरल्या. कुणाची परवानगी कधी संपते, कुणाचा भरपाईचा अर्ज कधीपर्यंत द्यायचा. फोन वाजला की हा गडी मोटारसायकल काढून त्या माणसाला पोलादपूरला अर्ज द्यायला नेई. बाजाराच्या दिवशी आमच्या दाराशी येणाऱ्या चपला कमी झाल्या, पुढे एकही येईना. चहाचं आधण मी दोनदा जास्तीचं ठेवायला लावलं. तिसऱ्यांदा बायकोने माझ्याकडे नुसतं बघितलं.

मीही तेच ॲप घेतलं. हौसेने तारखा भरायला बसलो तर भरायला माझ्याकडे होतं काय? हयातीचा दाखला, घरपट्टी, दातांच्या डॉक्टरची वेळ. त्याचा फोन अख्ख्या वाडीसाठी वाजायचा आणि माझा, माझ्याच कवळीसाठी. अंगाचा नुसता तिळपापड झाला.

त्या वर्षी दसऱ्याला मी सकाळच्या एसटीने गेलो. पाट मांडला होता. मी चष्मा पुसून पुढे सरकलो, परवान्याला हात घातला, तोच धाकटा म्हणाला, "दादा, राहू दे. मोबाईलमध्ये हाय सगळं."

तो काही उद्धटपणे बोलला नाही. माणसं खोळंबली होती, त्यांना भात कापणीला जायचं होतं. त्याने फोन वर धरला आणि सगळ्यांना दाखवला. मीही बघितला. परवाना डिसेंबरच्या अखेरीला संपत होता आणि फोन वाजणार होता त्याच्या पाच दिवस आधी. नव्या मुदतीचा अर्ज मात्र परवाना संपायच्या दोन महिने आधी द्यावा लागतो. हे त्या अंगणात फक्त मला ठाऊक होतं, कारण बोटांवर दिवस मोजणारा मी. त्या हिशोबाने दसऱ्यानंतर थोडेच दिवस उरले होते. एक वाक्य बोलायचं होतं. मी आपट्याचं पान घेतलं, त्याच्या पोरीबाळींना सोनं दिलं आणि चारच्या गाडीने महाडला परतलो. मनात म्हटलं, वाजू दे आता तुझा फोन.

पुढचे दिवस मी कॅलेंडरकडे बघून काढले. दोनदा त्याला फोन लावायला घेतला, दोनदा ठेवला. प्रत्येक वेळी ते "राहू दे" आठवायचं. अर्जाची शेवटची तारीख उलटली त्या दिवशी मी बाजारात भाजी घेत होतो. खोटं कशाला बोलू, मला बरं वाटलं. कधी नव्हे ती अर्धा किलो जिलेबी घेऊन गेलो. बायकोने विचारलं, कशाची? मी म्हटलं, सहज.

डिसेंबरात त्याचा फोन वाजला, ठरल्या दिवशी, ठरल्या वेळी. तो धावत ऑफिसात गेला तेव्हा कळलं की उशीर झाला. परवाना संपला. बंदूक ठाण्यात जमा झाली. परवाना चालू नाही म्हणून डुकरांसाठी वनखात्याची परवानगीही कुणाला मिळेना. आणि नदीकाठच्या मळ्यात त्याची रताळी भरात आली होती. त्याने उन्हाळ्याचा सगळा खर्च त्या रताळ्यांवर ठेवला होता, हे मला माहीत होतं.

पौषात त्याचा फोन आला. "दादा, येतोस का? कागद बघायचेत." माझा जीव सुपाएवढा झाला. तो का बोलावतोय हे मागाहून सुचलं, आधी सुचलं ते हे की शेवटी मीच लागलो.

वाडीत उतरलो तर तो मळ्यातच उभा होता. मळा नांगरल्यासारखा उलटा झाला होता. वेल मुळासकट वर, कुरतडलेली रताळी चिखलात. बांधापलीकडे शेजारच्या म्हातारीचा तुकडा, त्याचीही तीच गत. ती खाली बसून राहिलेली रताळी टोपलीत वेचत होती. मला बघून तिने विचारलं, महाडला सगळी बरी हायेत ना? त्यातली चार धड रताळी निवडून माझ्या पिशवीत घातली, घरी ने म्हणाली. मला नको म्हणता आलं नाही.

पडवीत बसल्यावर धाकट्याने फोन माझ्या हातात दिला. बारीक अक्षराचं त्याला काही कळेना, कुठे चुकलं ते मी बघावं, असं त्याचं म्हणणं. मी चष्मा चढवला. परवान्याची नोंद उघडली. तारीख, पाच दिवस, सगळं दसऱ्याला पाहिलेलं. तिच्या खाली त्याच तारखेला आणखी एक नोंद होती. तिथे लिहिलं होतं, "दादाचं नाव परवान्यावर घालायचं. फॉर्म हाय. दादाला आत्ता सांगायचं नाय."

मी दोनदा वाचलं. मग विचारलं हे काय.

तो लाजला. म्हणाला, बंदूक वापरणारा दुसरा माणूस म्हणून एक नाव परवान्यावर लावता येतं, नवा परवाना होताना. ऑफिसात त्याने विचारून ठेवलं होतं. आता उशिराच्या अर्जाबरोबर दुसरं नाव घेत नाहीत, असं तिथल्या टेबलावर सांगितलं. "दर वर्षी तू वाचायचास," तो म्हणाला, "आणि त्यात तुझंच नाव नसायचं. मला ते बरं नाय वाटायचं, दादा."

म्हणून त्याने दसऱ्याला कागद माझ्या हातात दिला नव्हता. पुढच्या वर्षी दोन नावांचा नवा कागदच द्यायचा होता.

मी फोन खाली ठेवला. म्हटलं, "दोन महिने आधी अर्ज द्यावा लागतो, हे मला दसऱ्याला माहीत होतं. तुझा फोन बघितला तेव्हाच कळलं होतं."

तो उठून पडवीच्या कडेला गेला. मळ्याच्या बाजूला बघत राहिला. मला वाटलं, आता शिव्या घालेल, घातल्या तर बरं होईल. त्याने फोन उचलला, पुढचं वर्ष काढलं आणि विचारलं, "किती दिवस टाकू?"

"साठ," मी म्हटलं. "पण पंच्याहत्तर टाक."

त्याने पंच्याहत्तर टाकले. भावजयीने ताट वाढलं. मी चार घास खाल्ले आणि ताट बाजूला सारलं.

पुढे बऱ्याच खेपा घालून त्याने बंदूक सोडवून आणली. त्या खेपांना मी बरोबर होतो, पण तो मोटारसायकलवर मागे बसलेल्या माणसाशी बोलतो तेवढंच बोलला. पुढच्या दसऱ्याला मी जाऊ की नको, असं दोन दिवस चाललं होतं. बायको म्हणाली, "जा. न जाऊन काय मोठे शहाणे ठरणार आहात?"

पाट मांडला होता. अंगणात वाडी जमली होती, म्हातारीही होती. धाकट्याने माळ घातली, खालचा कागद काढला आणि माझ्यापुढे धरला. "वाच," म्हणाला. "मोठ्याने. बाबांना ऐकू जाईल असं."

मी वाचलं. त्याचं नाव, गाव, बंदुकीचा नंबर, मुदत. खाली आणखी एक रकाना होता. बाबांच्या वेळेपासून मी तो कधी वाचला नव्हता, कारण त्यात वाचण्यासारखं काही नसायचं. धाकटा थांबून राहिला होता. मग मी तोही वाचला. "दुसरे नाव," मी म्हटलं, "निरंक."