आखाजीची सुई

आखाजीच्या सकाळी गुजरातेतल्या आमच्या लिंबायतच्या गल्लीत घागर पुजून होते न होते, तोच सुभद्राआक्का ओट्यावर उभी राहायची आणि गल्लीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत ऐकू जाईल अशी हाक द्यायची, "ए मंगल, ए सुमन, चला वं, सुईले चला! आखाजी काय रोज येस का?" मग एकेका दारातून नव्या साड्या नेसलेल्या, गजरे माळलेल्या बायका बाहेर पडत. कुणाची पाठ वाकलेली, कुणाच्या हातात काठी. रिक्षा भरून हे वऱ्हाड हाडांच्या डॉक्टरीणबाईंकडे इंजेक्शन घ्यायला निघायचं. मी परभणीकडची. खानदेशात अक्षय्य तृतीयेला आखाजी म्हणतात, झोके बांधतात, मांडे करतात, एवढंच मला ठाऊक होतं. मी शिकवते ती मराठी शाळा जवळ पडते म्हणून या खानदेशी गल्लीत राहायला आले आणि सणाला दंडात सुईही टोचून घेतात हे आक्काकडून शिकले.

आक्का मांडे करणारी होती. लिंबायतपासून बमरोलीपर्यंत खानदेशी घरात लग्न निघालं की आधी आक्काची तारीख विचारायचे, मग मंगल कार्यालयाची. पुरण भरलेला गोळा ती दोन्ही हातांवर झुलवत कोपरापर्यंत पसरवायची आणि पालथ्या खापरावर असा टाकायची की सुरकुती पडत नसे. एका लग्नात पुरणाची परात उचलताना तिच्या पाठीत काहीतरी कट्‌कन वाजलं. "लचक भरनी," म्हणून तिने ते बाम चोळून चोळून लांबवलं आणि त्याच पाठीने आणखी चार लग्नं उरकली. शेवटी मुलाने धरून नेलं, तेव्हा फोटोत मणका दबलेला निघाला. हाडं आतून पोकळ झाली आहेत, असं ऐकल्यावर दुसरी कुणी रडली असती. आक्का घरी येऊन म्हणाली, "गहूले घुन लागस, तसं हाडले लागनं. मंग दवाई नको का?"

गोळ्यांनी तिच्या पोटात आग व्हायची. या दुखण्यावर सुया निरनिराळ्या असतात. काहींना रोज पोटावर टोचायचं पेन देतात, काहींना वर्षातून एकदा सलाईन लावतात. आक्काला सहा महिन्यांतून एकदा कातडीखाली घ्यायची सुई मिळाली. शिवाय कॅल्शियम चालू, आणि वजन उचलायचं नाही, पाण्याची बादली तर मुळीच नाही. सहा महिन्यांनंतरची तारीख डॉक्टरीणबाईंनी कागदावर लिहून दिली, तो कागद आक्काने तिथेच परत केला. "डॉक्टरनी तारीख डॉक्टरकडे राहू द्या. आखाजी कोनी भुलस का? दिवाळी कोनी भुलस का?" हिशेब खरोखरच चोख होता. आखाजीपासून दिवाळी, दिवाळीपासून आखाजी, सहा-सहा महिने. दिवाळीची सुई धनतेरसला, कारण त्यानंतर लाभपाचमपर्यंत, म्हणजे कार्तिकातल्या पंचमीपर्यंत, दवाखाना बंद. पाहता पाहता गल्लीतल्या इतर बायकाही तिच्या मागे लागल्या. औषध चुकवण्यात आपल्या बायकांचा हात कोणी धरणार नाही, पण सण चुकवणारी बाई मी अजून पाहिलेली नाही. आक्काने दोन्हींची गाठ मारून टाकली.

या वऱ्हाडात तिची धाकटी जाऊ होती, मंगलकाकू. दोघींची घरं समोरासमोर, तोंडं मात्र बहुधा विरुद्ध दिशेला. मांडे कुणाचे पातळ, या एका प्रश्नावर त्यांनी उभा संसार भांडून काढला होता. आक्का बोलणार ठसक्यात, काकू बोलणार हळू, पण तसूभर हलणार नाही. काकूचं हाड आक्कापेक्षाही वाईट होतं. दोन मणके आधीच दबलेले, आणि बाई एवढीशी. सुई सुरू झाल्यापासून तिला बरं वाटत होतं. पोळ्या लाटायला ती पुन्हा उभी राहू लागली होती.

ज्या वर्षाची गोष्ट सांगते आहे, त्या वर्षी आखाजीला काकूला भाचीच्या लग्नासाठी धुळ्याला जायचं होतं, म्हणून तिने आपली सुई रामनवमीलाच उरकून घेतली. त्याच वर्षी अधिक श्रावण आला. धोंड्याचा महिना म्हणून आक्काचा जावई जेवायला आला. त्याच्या पानात अनारसे वाढता वाढता आक्का एकदम थांबली आणि माझ्याकडे वळून म्हणाली, "मास्तरीणबाई, धोंडा उना म्हणजे दिवाळी महिनाभर लांबनी ना?" मी हो म्हटलं. म्हणजे सहाचे जवळजवळ सात महिने होणार होते, आणि रामनवमीला सुई घेतलेल्या काकूचे तर साडेसात. तिने वाढपाचं ताट खाली ठेवलं. जावयाला वाटलं, आपलं काही चुकलं.

दुसऱ्याच दिवशी ती मला घेऊन डॉक्टरीणबाईंकडे गेली. त्या गुजराती, आमच्याशी त्यांच्या हिंदीत बोलत. "माजी, तुम्हारा तो दशेरा पे ले लो, चलेगा. लेकिन मंगलबेन का दिवाली तक नहीं खींचना. ये सुई ऐसी है कि टाइम पे नहीं ली तो बनी हुई हड्डी फटाफट उतर जाती है. एक के बाद एक मणके दब जाएँगे, फिर वो खड़ी नहीं रह पाएँगी." परतताना रिक्षा गल्लीच्या तोंडाशी आल्यावर आक्का म्हणाली, "सण चुकना नही. मी चुकनू. आते मलेच मंगलले सांगनं पडी."

आणि सांगितलंही, भर गल्लीत, सगळ्यांदेखत. पण काकूची तारीख नेमकी पितृपक्षात येत होती. "पित्तरमा कोनी सुई लेस का?" काकू हळूच म्हणाली. पितृपक्ष संपला की घट बसणार, तेव्हा तिचा नऊ दिवसांचा उपास. "आई घटी बसनी का मी अंगले सुई लावाऊ नही." म्हणजे दिवाळीच. आक्काने समजावलं, दटावलं, सप्तशृंगीचे अठरा हात काढले. "अठरा हातमा हत्यार शेतस आईना, तिले तुनी सुईनं काय भेव?" मीही माझं शाळेतलं सगळं वक्तृत्व खर्च केलं. काकूचं एकच, "सण करीसनच सुई लेवानी, हाई तूच शिकाडं ना आक्का?" आपणच रुजवलेलं झाड आपल्याच वाटेत आडवं आलं होतं.

मग सासूबाईंची तिथी आली. दोघी जावांची सासू म्हातारपणी कमरेत इतकी वाकली होती की अखेरची कित्येक वर्षं तिने समोरच्या माणसाचा चेहरा मान तिरकी करून पाहिला. दोन्ही घरांचं श्राद्ध एकत्र असे, आक्काच्या तिसऱ्या मजल्यावरच्या गच्चीत. भात, खीर, वडे असा घास कठड्यावर ठेवून पुरुष हात जोडून खाली गेले, आणि कावळ्याची वाट पाहायचं काम आम्हा बायकांवर आलं. कावळे होते. समोरच्या टाकीवर चांगले ओळीने बसले होते, पण एकही येईना. काकूचा चेहरा उतरत चालला. मला मात्र कारण दिसत होतं. घासाच्या अगदी डोक्यावर, दोरीवर, एक नऊवारी लुगडं वाळत घातलेलं होतं. ओलंचिंब, वाऱ्यावर फडफडणारं. तिथीच्या सकाळी धुणं वाळत घालणारी आक्का मी कधी पाहिली नव्हती. मी तिच्याकडे पाहिलं. तिने माझ्याकडे असे डोळे वटारले की माझ्या वर्गातली सगळी पोरं एका दमात गप्प बसली असती.

"सासूबाई रुसन्यात, मंगल," आक्का म्हणाली.

"काय राहिनं व्हई वं तिनं?"

"काय राही? जमीन दखत दखत गयी बिचारी, वर दखाले भेटनं नही तिले. आते तिनी लाडकी सून बी तशीच वाकाले निंघनी. ती कशी घास घेई?"

काकूने टाकीवरच्या कावळ्यांकडे पाहिलं, लुगड्याकडे पाहिलं, आक्काकडे पाहिलं. मग कठड्याजवळ गेली आणि हात जोडून म्हणाली, "सासूबाई, आजच जास मी सुईले. आते घास ल्या."

"वाळनं वाटस हाई," असं म्हणत आक्काने ते ओलं लुगडं खसकन ओढून काखेत मारलं. तिसऱ्या क्षणाला कावळा घासावर होता. त्याच दुपारी, श्राद्धाचं जेवण होताच, काकूच्या दंडात सुई गेली. रिक्षातून उतरताना आक्का कानात म्हणाली, "दखं का मास्तरीणबाई? मराठी शाळामा हाई शिकाडतस का?" पुढे महिनाभर ती असल्या तोऱ्यात वावरत होती की काही विचारू नका. त्यानंतर मात्र तिने सगळ्यांना डॉक्टरीणबाईंची तारीख पाळायला लावली. ज्या दिवशी तारीख, त्या दिवशी तिच्या घरी खापर चढायचं. परात मुलगा उचलायचा, मांडे आक्का टाकायची. "तारीखलेच सण करी टाका," म्हणायची, "मंग धोंडा येवो का धोंड्याना बाप."

गेल्या थंडीत आक्का गेली. तापाचं निमित्त झालं, तो छातीत उतरला आणि बघता बघता बाई हातची गेली. हाडांनी शेवटपर्यंत दगा दिला नाही. ती ताठ चालत दवाखान्यात गेली होती. मला तिची आठवण आली की आधी हसू येतं आणि मग फार एकटं वाटतं. तिच्याइतक्या हक्काने मला या शहरात कुणी रागावलं नाही.

काकूची पुढची तारीख आली तेव्हा तिच्यासोबत मी गेले. दवाखान्याच्या बाकावर बसलो असताना गच्चीवरच्या त्या दिवसाची गोष्ट निघाली आणि मला राहवलं नाही. म्हटलं, काकू, एक सांगते, रागावू नका. त्या दिवशी कावळा अडला होता तो लुगड्यामुळे.

काकू शांतपणे पदर सावरत म्हणाली, "मी काय आंधयी व्हतू का? मी ते तवयच दखं."

"मग तुम्ही ऐकलंत का तिचं?"

"डॉक्टरीणनी तिले बादली उचलाले नही सांगेल व्हतं ना? इतलं वलं लुगडं बादलीमा लईसन तीन मजला चढनी ती. कोनले सांगं नही, पोर्‍याले बी नही. अशा पाठवर. मनासाठे. मंग मी परत नही कशी म्हनू?"

आतून तिच्या नावाची हाक आली. ती उठली, आक्काइतकी ताठ नाही, पण कुणाचा हात न धरता. मी विचारलं, हे आक्काला कधी सांगितलं होतंत का?

"नही वं माय," दाराशी वळून काकू म्हणाली, "जिकनू म्हनीसन किती खूश व्हती ती."